नुसतं ओतू नका, घासा

अळीवाले काका हे काही आईबापांनी ठेवलेलं नाव नव्हे. पण आरोग्य खात्यात तेवीस वर्षं लोकांच्या पिंपांत, टायरांत आणि कुंड्यांखालच्या बशांत वाकून बघणाऱ्याला लोक दुसरं काय म्हणणार? कामाला चोख, तोंडाने फटकळ. का नसावा? रोज चाळीस घरांचे जिने चढायचे, तेच तेच सांगायचं आणि लोकांनी ते या कानाने ऐकून त्या कानाने सोडायचं.

सांगणं तरी केवढं? हा पट्टेरी डास मूळचा आपल्याकडचा नाही, आफ्रिकेतून जहाजांवरच्या पाण्याच्या पिंपांतून आलेला आगाऊ पाहुणा आहे. पायांवर पांढरे पट्टे, पाठीवर पांढऱ्या रेघा, आणि चावतो भर दिवसा. याची मादी अंडी पाण्यात टाकत नाही, पाण्याच्या जरा वर, भांड्याच्या ओल्या कडेला चिकटवते. पाणी ओतून दिलं तरी अंडी जागच्या जागी, आणि सुकली तरी महिनोन्‌महिने जिवंत. पुन्हा पाणी चढलं की अळ्या बाहेर, आणि उन्हाच्या दिवसांत आठवड्या-दीड आठवड्यात डास तयार. म्हणून काका घसा फोडून सांगायचे की नुसतं ओतू नका, घासा. लोक ओतायचे, आणि काय तीर मारला अशा चेहऱ्याने काकांकडे बघायचे.

यंदा मात्र काकांचं डोकं फिरायला घरचंच कारण होतं. गेल्या वर्षी त्यांच्या आईला डेंग्यू होऊन गेला होता. या वयात दुसऱ्यांदा झाला तर निभावणं कठीण, असं डॉक्टरांनी स्पष्ट बजावलं होतं. आणि आता बघावं तर म्हातारीच्या हातांवर डास चावल्याच्या रोज नव्या गांधी उठलेल्या. हा डास काही कोसभर उडत जात नाही, म्हणजे अळ्या आसपासच्या चार-सहा घरांतच असणार.

मग काय, काकांनी इमारत पिंजून काढली. वरच्या मास्तरीणबाईंच्या फ्रीजमागचा ट्रे ओढून काढला, समोरच्यांच्या पन्हाळीत हात घातला. कुठे काही नाही. शेवटी राग निघाला तळमजल्यावरच्या रंगाऱ्यावर. त्याच्या दाराशी डझनभर रिकाम्या बादल्या पडलेल्या. मी त्या रोज पालथ्या घालतो, असं तो बिचारा सांगत राहिला. काकांनी ऐकून न घेता चार लोकांसमोर त्याच्या हातात नोटीस ठेवली आणि वर सुनावलं, "माझ्या आईला काही झालं तर तुला सोडणार नाही."

चट्टे काही थांबले नाहीत. त्यानंतरच्या रविवारी दुपारी काका साप्ताहिक नोंदवही भरत बसले होते. स्वतःच्या घरापुढे 'तपासलं' अशी खूण ते दर आठवड्याला जेवणाच्या टेबलावर बसूनच करायचे. आपलं घर काय तपासायचं? इतक्यात आईने बाल्कनीतून हाक मारली, चिमण्या आल्यात, बघायला ये. ही हाक ती कितीतरी महिने मारत होती आणि काका कितीतरी महिने मला वेळ नाही म्हणत होते. त्या दिवशी पेनाची शाई संपली म्हणून ते उठले, इतकंच.

कठड्यावर सहा काळे पेले ओळीने मांडलेले होते. काकांनी ते लगेच ओळखले. खात्याचे सापळे ते. डासाने अंडी घालावीत म्हणूनच मुद्दाम काळे आणि आतून खरखरीत केलेले. नवे आले तेव्हा जुने फेकून देणार होते, तर काकांनी चांगली वस्तू कशाला वाया घालवायची म्हणून घरी आणले, नळाखाली विसळले आणि माळ्यावर टाकले. विसळले, घासले नाहीत. आईने ते चिमण्यांच्या पाण्यासाठी काढले होते. ती रोज त्यात वरून ताजं पाणी घालायची, म्हणजे कडेच्या अंड्यांपर्यंत रोज थोडं थोडं पाणी चढायचं.

काका वाकले. त्यांची सावली पडली तशा पाण्यावर शेपटीने लोंबकळणाऱ्या अळ्या वळवळत तळाशी गेल्या. वर तरंगत राहिल्या त्या नुसत्या रिकाम्या साली, डास बाहेर पडून गेल्यावर उरतात तशा. काकांनी मोजल्या. एकतीस.

"तेवीस वर्षं लोकांच्या घरात वाकून बघतोस," आई म्हणाली. "इथे एकदा आला असतास तर?"

काखेत कळसा आणि गावाला वळसा, दुसरं काय! काकांनी सहाही पेले ब्रशने खसाखसा घासले, उकळतं पाणी ओतलं, नोंदवहीतली खूण खोडून अळ्या सापडलेल्या घरांत स्वतःचं नाव लिहिलं आणि खाली जाऊन रंगाऱ्याची माफी मागितली. रंगाऱ्याने सगळं ऐकून घेतलं आणि शांतपणे विचारलं, "घासलंत ना?" काकांनी मान खाली घालून हो म्हटलं.

पण एकतीस डास तर उडून गेलेच होते. चावला म्हणजे ताप येतोच असं नाही, हे काका लोकांना रोज समजावून सांगत. स्वतःला मात्र समजावता येईना. काही दिवसांत नव्या गांधी उठायच्या थांबल्या, तरी शेवटच्या चाव्यानंतर दोन आठवडे धोका, म्हणून ते सकाळ-संध्याकाळ आईच्या तोंडात थर्मामीटर धरून बाल्कनीत बसू लागले. मेल्या, मला सुखाने चहा तरी पिऊ दे, असं ती करवादायची. मधल्या काळात चिमण्यांना काचेची उथळ बशी आली. ती रोज घासायचं काम अर्थातच काकांचं.

चौदाव्या संध्याकाळीही पारा नेहमीच्या रेघेपुढे सरकला नाही. काकांनी थर्मामीटर तीनदा झटकून पुन्हा लावून पाहिला, मग डबीत घातला, आणि त्यांना पुढे काय करावं ते कळेना.

"उद्यापासून मोजू नकोस," आई बशीकडे बघत म्हणाली. "पण बसायला ये."