सिनेमाच्या नावाची बिअर

तेव्हा मी हैदराबादेत सिनेमांच्या प्रसिद्धीचं काम करणाऱ्या एका लहान कंपनीत होते. मोठी कामं मुंबईच्या लोकांकडे जात, उरलेली आमच्याकडे येत. शहराच्या पश्चिमेला, काचेच्या इमारतींच्या भागात, जागेवरच बिअर बनवून विकणाऱ्या ब्रुअरी नुकत्याच निघाल्या होत्या. त्यातल्या एकीशी एका तेलुगू सिनेमाची जोडी लावायचं ठरलं. दारूची जाहिरात करायला बंदी, त्यामुळे पोस्टरवर बिअर दाखवता येत नव्हती. मग वाट काढली ती अशी, की बिअरला सिनेमाचं नाव द्यायचं, ग्लासाखालच्या पुठ्ठ्याच्या चकत्यांवर ते छापायचं आणि एका संध्याकाळी कलाकारांना बोलावून फोटो काढायचे.

हे काम माझ्याकडे आलं ते भाषेमुळे. निर्माते तेलुगूतच बोलत. बिअर बनवणारा पुण्याचा होता, हे शिक्षण परदेशात घेऊन आलेला; त्याला तेलुगूचा एक शब्द कळत नसे. मी हैदराबादेतच, तारनाक्याला वाढलेली, घर मूळचं उदगीरकडचं. माझं मराठी ऐकून तो पहिल्या दिवशी हसला. मी ‘नक्को’ म्हणाले की अजून हसायचा. पण काम चालून गेलं.

पहिल्या बैठकीत निर्माते मला म्हणाले, “बिअर गोड असू दे, अम्मा. बायकापण येतील.”

मी ते मराठीत सांगितलं.

“गोड मी करणार नाही,” तो म्हणाला. “सिनेमा कशावर आहे ते विचारा ना.”

सिनेमा कोरडवाहू गावातल्या दोन भावांच्या भांडणावर होता. निम्मा ज्वारीच्या रानातच घडत होता. हे ऐकल्यावर तो खुर्चीत पुढे सरकून बसला. “मग ज्वारीचीच करू. थोडं बार्लीचं माल्ट, बाकी ज्वारी.” ज्वारी म्हणजे जोन्नलु, असं मी निर्मात्यांना सांगितलं. त्यांना आईच्या हातची भाकरी आठवली. ते तिच्याबद्दल बराच वेळ बोलत राहिले आणि गोडाचा विषय मागे पडला.

चांगली ज्वारी कुठे मिळेल, असं त्याने मला विचारलं. त्या दिवशी जेवताना मी घरी सगळं सांगून टाकलं. बाबा रेल्वेतून निवृत्त झालेले, दारूला कधी न शिवलेले. ते जेवण संपवून उठले, हात धुतले आणि आत गेले. सकाळी पेपर वाचता वाचता म्हणाले, “कंची पाहिजे? पिवळी का पांढरी?”

“बाबा, तुम्हाला चालेल?”

“मला चालायचा काय संबंध? ज्वारी हाय. कोणी भाकरी करतंय, कोणी काही करतंय.”

गावी शेती बघणाऱ्या चुलत्यांनी ज्वारीची गोणी बसमधून पाठवली. ती घ्यायला बाबा माझ्याबरोबर गौलीगुड्याच्या बसस्टँडवर आले. तिथून परत जातील असं मला वाटलं होतं, पण ते रिक्षात चढले आणि गोणीवर हात ठेवून बसले.

ब्रुअरीत शिरताच ते थांबले. मोठ्या भांड्यात माल्ट शिजत होतं. “आंबोणाचा वास हाय हा,” ते म्हणाले.

पुणेकराला आंबोण माहीत नव्हतं. गुरांसाठी पेंड-चुणी भिजवतात ते, असं बाबांनी समजावलं. तो खूश झाला. “बरोबर आहे, काका. उरलेला चोथा आमच्याकडून गोठ्यातच जातो.” मग त्याने एका वाटीत तो गरम, तपकिरी काढा घेतला. “याची अजून दारू झालेली नाही. नुसतं गोड पाणी आहे. घ्याल?”

बाबांनी वाटी घेतली. फुंकर मारून दोन घोट प्यायले. “गोड हाय,” म्हणाले आणि वाटी हातातच धरून उभे राहिले. “माझा धाकटा भाऊ दारूपायी गेला. तो काय प्यायचा, कशाची असायची, मी कधी विचारलंच नाही त्याला. नुसता रागावायचो.”

पुणेकराने त्यांना बसायला स्टूल दिलं. मी या धाकट्या काकांना कधी पाहिलं नव्हतं. घरात त्यांचा फोटोही नव्हता.

बिअर वेळेत तयार झाली. कार्यक्रमाच्या दिवशी दुपारी निर्मात्यांचा फोन आला. आदल्या दिवशी सिनेमाचा हिरो त्याच्या जिल्ह्यातल्या बायकांच्या दारूबंदीच्या सभेत बोलला होता आणि सगळ्या तेलुगू पेपरांत त्याचा हार घातलेला फोटो आला होता.

“नाव काढायला सांगतायत,” मी पुणेकराला म्हणाले. “सगळीकडून. आजच.”

“आणि बिअरचं काय करू?”

“बिअर विका म्हणतायत. सिनेमाचं नाव नको.”

“त्यांना विचारा, हे हिरोशी आधी बोलले नव्हते का?”

मी विचारलं. निर्माते म्हणाले, “नाही, अम्मा. आनंदाने येईल असं धरून चाललो मी.” त्यांचा आवाज पडला होता. ऐनवेळी त्रास दिल्याबद्दल त्यांनी माफी मागितली आणि ती पुणेकराला नीट सांग, असं दोनदा म्हणाले.

मी सांगितली. पुणेकराने बिअरची नावं लिहायच्या फळ्यावरचं सिनेमाचं नाव ओल्या फडक्याने पुसलं आणि खडू माझ्या हातात दिला. मी तेलुगूत ‘जोन्न’ एवढंच लिहिलं. चकत्यांचे खोके आलेले होते. दुसऱ्या चकत्या नव्हत्या, म्हणून त्या उलट्या ठेवल्या. आलेल्या प्रत्येकाने चकती उलटून नाव वाचलं. कलाकारांपैकी कोणी आलं नाही. बिअर मात्र लोकांना आवडली.

सिनेमा बरा चालला आणि उतरला. ब्रुअरीने ज्वारीची बिअर पुढेही ठेवली आणि बाबांनी गावाकडून आणखी गोण्या मागवल्या. पुढे असल्या जोड्या नेहमीच्या झाल्या. मी स्वतःही आणखी काही लावल्या, आणि त्यातलं फारसं काही आठवत नाही.

पुणेकराला बंगळूरला नोकरी मिळाली. जाण्याआधी तो तारनाक्याला जेवायला आला. आईने भाकरी आणि अंबाडीची भाजी केली होती. जेवण झाल्यावर बाबा त्याच्याजवळ सतरंजीवर बसले आणि धाकट्या भावाबद्दल बोलू लागले. तो विहिरीत कशा उड्या मारायचा, शाळा बुडवून गावाहून इथे नामपल्लीला नुमाइशीचं मोठं प्रदर्शन बघायला कसा पळून आला होता. आई भांडी आवरायची थांबली. “तेव्हा त्याला शोधायला कोण गेलं होतं, ते सांगा की,” ती दारातूनच म्हणाली. बाबा हसले, सरकले आणि तिला बसायला जागा केली.