दसऱ्याला झोपवलेली मशीन

त्या दसऱ्याला मी उटनूरच्या बाजारातून झेंडूची फुलं घेऊन आलो आणि ऑफिसच्या दारातच थबकलो. आत आवाज नव्हता. सरांच्या मशीनचा, म्हणजे त्यांच्या जुन्या कॉम्प्युटरचा, पंखा दिवसरात्र घोंगावायचा, त्या आवाजाची मला इतकी सवय की तो आहे हेसुद्धा विसरलो होतो. आता तो नव्हता, म्हणून मी धावतच आत गेलो.

मशीनपाशी अक्का उभ्या होत्या. अक्का म्हणजे सरांच्या धाकट्या बहीण. सर मुलीकडे हैदराबादला गेल्यापासून हे नकाशांचं छोटं ऑफिस त्याच बघायच्या. इकडे दसऱ्याला कात्रीपासून मोटारीपर्यंत सगळी अवजारं पुसून, हळदकुंकू लावून दिवसभर विसाव्याला ठेवतात. अक्कांनीही तेच केलं होतं.

"सालभर चालूनच राह्यली बिचारी," त्या म्हणाल्या. "एक दिस झोपू द्या म्हणलं."

सर असताना चालू मशीनवरच फूल ठेवायचे. का, ते त्यांनी फक्त मला सांगितलं होतं. मशीनच्या आत एका चिपमध्ये तिचा स्वतःचा पत्ता असतो. त्या चिपची बॅटरी कधीच संपलेली. बाहेरून वीज आहे तोवर तिला आठवतं, वीज गेली की ती कोण हेच ती विसरते. म्हणून तर निम्मी खोली इन्व्हर्टरच्या बॅटऱ्यांनी भरली होती.

मी आठवीतून शाळा सोडलेला, कृष्णाकाठचा, रस्त्याच्या कामावरच्या टोळीबरोबर इथवर आलेला. सरांनी मला टेबलाशी बसवलं, जुन्या जमिनींचे नकाशे पडद्यावर गिरवायला शिकवलं. नकाशांचा प्रोग्राम त्यांनी स्वतः लिहिलेला, तो फक्त ह्या मशीनवर चालायचा. ती उठली नाही तर ऑफिस संपलं. मग मला कोण ठेवून घेणार? परत डांबराच्या पिंपाशी जायचं.

मी बटण दाबलं. पंखा घुमला, पांढऱ्या पडद्यावर काळी अक्षरं आली, पत्ता चुकीचा आहे असं काहीतरी मशीन इंग्रजीत म्हणाली आणि एका ओळीवर थांबली. त्या ओळीत फक्त 'ओके' लिहिलेलं, म्हणजे पुढचं काय ते तुम्हीच सांगा. काहीतरी बिघडलं हे अक्कांना कळलं असावं; त्या आरतीचं ताट हातात धरून तशाच खाली बसल्या.

सरांना फोन लावला. मशीन बंद झाली होती, आता 'ओके'वर अडलीय, एवढं कसंबसं सांगितलं.

"घाबरून काऊन राह्यला?" सर म्हणाले. "ती मेली नाही. नाव विसरली. आपण सांगू."

ते एकेक अक्षर सांगत होते, मी एकेक कळ दाबत होतो. मधे थांबावं लागलं की ते मला धीर यावा म्हणून मशीनच्या आत चालणाऱ्या सोलारिस ह्या मूळ प्रणालीच्याच गोष्टी सांगत. सोलारिस ज्यातून निघालं ते युनिक्स आधी मोठ्या खोल्यांतल्या मशीनींवर चालायचं, ते एकेका इंजिनियरच्या टेबलावर आलं त्यात हिच्या घराण्याचा मोठा हात. दुसऱ्या मशीनवरची फाईल आपल्याच घरातली असल्यासारखी उघडायची रीतही हिच्याच घराण्याची. पुढे ही मशीन बनवणारी कंपनी विकली गेली, माणसं पांगली; रीत मात्र दुसऱ्यांच्या मशीनींत आजही चालते. एरवी मी हे आवडीनं ऐकायचो. त्या दिवशी कान फक्त पुढच्या अक्षराकडे होते.

मग पत्त्याचे शेवटचे सहा आकडे आले. जुने कोणते होते ते सरांनाही आठवेना.

"कोणतेही टाक," सर म्हणाले. "आपल्या तारेवर जोडलेल्या दुसऱ्या कोणत्या मशीनचे नसले म्हणजे झालं."

सहा आकडे मला एकच पाठ होते, गावचा पिनकोड. घरी पैसे पाठवताना लिहून लिहून पाठ झालेला. तोच टाकला. शेवटचा ताळ्याचा आकडा सरांनी तोंडी जुळवून दिला. मशीन परत सुरू केली. बराच वेळ नुसता डिस्कचा खरखराट. मी देवाचं नाव घ्यायचंही विसरलो होतो.

पहिल्याच ओळीत, पत्त्याच्या त्या सहा आकड्यांत, माझं गाव आलं. त्यामागून बाकीच्या ओळी भराभर उतरल्या, आणि शेवटी नकाशांची यादी उघडली. फोनवर मी नुसता 'सर' म्हणालो. त्यांनी विचारलं, फुलं वाहिली का?

अक्का उठल्या, फूल घेतलं, आणि मशीनपासून हातभर अंतरावर थांबल्या.

"बाबू, आता तुमीच ठेवा," त्या म्हणाल्या.

मी ठेवलं. पंखा घोंगावतच होता.