कळव्याच्या मावशींची कॅसेट

त्या मंगळवारी मी कळव्याच्या मावशींच्या मुलाची कॅसेट पुसली.

नव्वदच्या आसपासची गोष्ट. डोंबिवलीत लग्नांचं शूटिंग सोडून मी खऱ्या खुनांवर माहितीपट करू लागलो होतो. व्हिडिओ लायब्ऱ्या ते भाड्याने देत. मावशी कोळीण. खाडीकाठी जाळ्यावरून झालेल्या भांडणात त्यांचा एकुलता एक मुलगा मारला गेला होता. त्या खुनावरच्या माहितीपटासाठी मी मागितली, तेव्हा त्यांनी माझ्याकडे एक कॅसेट दिली. भाचीच्या हळदीत तो नाचत होता, ती.

"फोटोत त्याचा तोंड बंद हाय," त्या म्हणाल्या. "यात बोलतंय. जप, बाला."

कॅसेटच्या कडेला प्लास्टिकचा एक छोटा तुकडा असतो. तो मोडला की तिच्यावर दुसरं काही रेकॉर्ड होत नाही. जपायची कॅसेट हाती आली की आधी तो मोडायचा, ही आमच्या धंद्यातली शिस्त. मी मोडला नाही. दुसऱ्याची वस्तू, न विचारता मोडायची कशी, असं वाटलं. आणि मंगळवारी ठाण्याला खटल्यातल्या वकिलांची मुलाखत घ्यायला निघताना कोऱ्या कॅसेटींबरोबर तीही पिशवीत गेली.

घरी येऊन लावली तेव्हा कळलं. मुलगा जिथे नाचत होता, तिथे वकील त्याच्या जखमा वाचून दाखवत होते.

दुसऱ्या दिवशी कळव्याला गेलो. मावशी ओट्यावर सुकट निवडत होत्या. सांगितलं. त्यांचे हात थांबले नाहीत.

"सगला गेला?"

"शेवटचं थोडं राहिलंय. तो तुम्हाला नाचायला ओढतो, तेवढं."

"मंग दाव."

त्यांच्याकडे टीव्ही नव्हता, म्हणून आमच्या घरी आल्या. मी टेप पुढे पळवायला गेलो तर त्यांनी माझं मनगट धरलं.

"ऱ्हाऊ दे. काय झाला, ता मना कुनी सांगितलाच नाय."

अर्धा तास त्या खाली बसून ऐकत राहिल्या. मग वकील गेले आणि हळदीने माखलेला मुलगा आला. "आये, ये ना गो!" म्हणत त्याने त्यांचा हात ओढला. तिथे टेप संपली.

पुढे दरवर्षी त्याच्या श्राद्धाच्या दिवशी त्या कॅसेट बघायला येत. आमच्या शाकाहारी घरात सुक्या बोंबलांची पुडी ठेवत. बायको ती मुकाट्याने शेजारी पोचवी. "तुजा वकील सरला का हाक मार," असं मला बजावून भिंतीला टेकून डोळे मिटत. कधी हाक मारावी लागली नाही; वकिलांचं बोलणं संपताच त्या आपणच डोळे उघडत.

मी आणखी पुष्कळ माहितीपट केले. पोलीस, वकील, शेजारी, सगळ्यांना तेच प्रश्न विचारले. पण कुठल्या घरातून पुन्हा काही मागून आणलं नाही. मग तेही काम सुटलं.

मावशी गेल्या. व्हीसीआर बंद पडला. कॅसेट माझ्या कपाटात आहे. तिचा तुकडा मोडलेला आहे.