तिसऱ्यांची कचकच

माझं माहेर मासवणचं. लग्न होऊन केळव्याला आले, तेव्हा समुद्राबद्दल मला एवढंच ठाऊक होतं की तो खारट असतो. पण ऐन वेळी तेही आठवलं नाही.

नणंदेला बघायला पाम गावची माणसं जेवायला येणार होती. मुलगा बोईसरला कारखान्यात होता आणि तिला मनापासून आवडला होता. सासूबाईंचं तिसऱ्यांचं, म्हणजे शिंपल्यांचं, कालवण आळीत नावाजलेलं. त्यात मीठ कमी आहे असं कुणी म्हटलं, तर आठवडाभर अबोला! ओहोटीला वाळू उकरून त्यांनी तिसऱ्या गोळा केल्या, समुद्राच्याच पाण्यात बादलीत ठेवल्या आणि त्या नारळ आणायला वाडीत गेल्या.

मी बादलीत डोकावले. पाणी गढूळ, आणि शिंपल्या अर्धवट उघडून जिभा काढून बसलेल्या. शी! ते पाणी मी ओतून टाकलं आणि नळाचं स्वच्छ पाणी भरलं. शिंपल्यांनी पटापट तोंडं मिटली. मला वाटलं, बिचाऱ्यांना बरं वाटलं. त्या खाऱ्या पाण्यात पोटातली वाळू थुंकत होत्या, हे मला कोण सांगणार? वर उत्साहाने विळीवर चिरल्याही मीच. हात दाखवून अवलक्षण!

मुलाच्या आईने पहिला घास घेतला आणि कचकन आवाज आला. त्यांचा हात थांबला. नणंदेचा चेहरा उतरला. सासूबाईंनी माझ्याकडे एकदाच पाहिलं. माझ्या तोंडावर सगळं लिहिलेलंच होतं. मला धरणी पोटात घेईल तर बरं, असं झालं.

"माजंच चुकलं," सासूबाई म्हणाल्या. "घाईत वाळू काडायची रायली. म्हातारी झाले आता."

"अवो, होते कदी कदी," मुलाची आई हसली आणि रस्सा ओरपू लागली.

लग्न ठरलं. पाहुणे गेल्यावर मी मोरीत शिंपल्यांच्या ढिगापाशी बसून रडत होते. सासूबाईंनी रिकामी बादली माझ्या हातात दिली.

"रडू नको. चल, खारं पानी कुटून आणायचं ते दाकवते."

आळीतल्या बाया अजून त्या कचकचीवरून सासूबाईंना चिडवतात. त्या हसतात आणि माझ्याकडे बघतही नाहीत.