साफ करून द्या

"साफ करून द्या" एवढंच मी पेणच्या त्या स्टुडिओत बोललो आणि स्वतःच्या हाताने घाण करून ठेवली.

धाटावच्या कंपनीतून रिटायर झाल्यापासून मला एकच खूळ लागलंय. रोह्यात घराघरांतून पडलेल्या जुन्या व्हिडिओ कॅसेट गोळा करायच्या आणि त्यातलं गाव जपून ठेवायचं. लोक हसतात. "काका, बारशाच्या कॅसेटीत कसला आलाय इतिहास?" अरे, त्या बारशाच्या मागे जो बाजार दिसतो, तो आता राहिलाय कुठे?

आमच्या आळीतली चाची मात्र हसली नाही. चाचा कुवेतला नोकरीला होते. एका सुट्टीत कॅमेरा घेऊन आले आणि दिसेल ते टिपत सुटले. बाजार, एसटी स्टँड, कुंडलिकेवरचा पूल, काय वाट्टेल ते. पुढच्या खेपेला गेले ते तिकडेच वारले. कॅमेरा कायम त्यांच्याच हातात, त्यामुळे चित्रात ते कुठेच नाहीत, नुसते मागून बोलतात. चाचीचा प्लेअर बंद पडून कैक वर्षं झाली. कॅसेट माझ्या हातात देताना ती म्हणाली, "बाजार तुला ठेव. मला त्यांचा आवाज तेवढा ऐकव."

पेणला स्टुडिओवाल्याने कॅसेट लावून दाखवली. काय खजिना हो! मी दुकानांच्या पाट्या भराभर वाचत सुटलो. फितीला बुरशी धरली होती, म्हणून निघताना म्हटलं, जरा साफ करून द्या.

पठ्ठ्याने आवाजच साफ केला! आठवड्याने पेन ड्राइव्ह आणून चाचीच्या टीव्हीला लावला, तर अख्ख्या बाजारावर बासरी. तिथूनच फोन लावला, तर वर मलाच ऐकवतो, "काका, मागे कुणीतरी सारखं बडबडत होतं. काढलं ते. मस्त म्युझिक टाकलंय." बरं, मूळ कॅसेट? दुसऱ्यांदा लावताना फीत तुटली, टाकून दिली. कॉम्प्युटरवरची मूळ कॉपी? जागा नव्हती, डिलीट केली. असा संताप आला म्हणता! शिवी अगदी ओठांवर आली होती, पण समोर चाची बसलेली. आणि शब्द तर माझाच होता. काय साफ करायचं आणि काय ठेवायचं, एवढं सांगायला माझी जीभ झडली होती काय?

चाची शेवटपर्यंत टीव्हीकडे बघत राहिली. बासरी थांबली तशी माझ्याकडे वळली.

"जाऊ दे रे. आता काय करतोस? पण पेणला तू ऐकलंस ना? काय बोलत होते, ते तरी सांग."

मी आठवून बघितलं. कुठल्या दुकानाशेजारी कुठलं दुकान, ते ओळीने सांगितलं असतं. चाचांचा एक शब्द आठवेना. मी ऐकलंच नव्हतं.