तिनं मला धुळं दाखवलं

निंबाला आखाजीचा, म्हणजे अक्षय्य तृतीयेचा, झोका बांधलेला दिसला की मी तोंड फिरवतो. आमचं शेवटचं सुखाचं काम तेच, तिच्या माहेरी धुळ्याला मी तिला झोका दिला. बहात्तरच्या दुष्काळाआधीची गोष्ट. उतरली आणि म्हणाली, "चला, तुम्हाला माझं धुळं दाखवते." मी जावई, तिथं आजवर खाटेवर बसून नुसता चहा प्यायलेला. गावाबाहेरच्या त्या जुन्या वस्तीत ती पुढं, मी मागं, उन्हानं फुफाटा तापलेला. ही जिनिंग, इथं आई कापूस निवडायची. ही चिंच, हिच्यावरून पडून हात मोडला. ही पांझरा नदी, इथल्या वाळूतली टरबुजं आम्ही चोरली. दारोदारी बायका तिला मिठी मारून रडत होत्या. आखाजीला आलेली लेक सासरी निघाली की बायका रडतातच, म्हणून मी आपला हसत उभा. शेवटच्या घरातली म्हातारी मला म्हणाली, "बापू, पोरले आते आठेच राहू द्या. डाक्टरनी हात टेकात ना." पोरीला आता इथंच राहू द्या म्हणे, डॉक्टरांनी हात टेकलेत. "सगळ्या वस्तीला माहीत, आणि नवऱ्याला नाही?" मी रस्त्यातच ओरडलो. ती म्हणाली, "सांगितलं असतं तर तुम्ही दवाखान्यातच नेलं असतं. असे माझ्या मागं मागं फिरला असता का?" पावसाळ्यात ती गेली. रडून झालं, म्हातारा झालो, पण तो राग काही गेला नाही. त्या फेरीच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी निंबावर चढलो आणि झोका सोडून टाकला. ती खाली उभी राहून बघत होती. म्हणाली, "दोर नीट गुंडाळा, शेजारचा आहे." मी गुंडाळला.