आमच्या गावचे खलनायक

अकरा सिनेमांत मी खलनायकी गाजवली आहे. म्हणजे खलनायकाच्या मागं काठी घेऊन उभा होतो. त्यातल्या नऊंत कात्री लागली, उरलेल्या दोनांत माझं फक्त कोपर दिसतं! वाईजवळच्या आमच्या गावात वर्षभर शूटिंग चालतं. प्रत्येक युनिट जाताना लाइट-कॅमेरा घेऊन जातं, किस्से मात्र इथंच टाकून जातं.

गुंडांच्या टोळीत माझा जोडीदार सांगलीचा बापू पैलवान. दारात उभा राहिला तर घरात अंधार! एकदा सीन असा, की हिरॉइन पळत देवळात शिरते आणि आम्ही सहा गुंड तिच्या मागं. देऊळ प्लायवूडचं, देव थर्माकोलचा. अ‍ॅक्शन म्हटल्यावर बापू सुसाट सुटला, पायरीपाशी थांबला, चपला काढल्या, घंटा वाजवली, मगच आत गेला. मागोमाग आम्हीही!

"कट! अरे, गुंड आहात का भाविक?" डायरेक्टर ओरडला.

बापू म्हणाला, "आवं साहेब, भांडान पोरीशी हाय. देवाचा काय गुन्हा?"

पुढं एकदा मुंबईहून नवा खलनायक आला. गॉगल चढवून मला विचारतो, "इथली माणसं कशाला घाबरतात?"

मी म्हटलं, "मानसांचं सोडा. वाटंवरचा त्यो रेडा खलनायकी हसल्याबिगर बाजूला होत न्हाई."

बिचारा अर्धा तास गडगडाटी हसला. रेडा खाली बसला!

यंदाच्या डायरेक्टरनं मात्र जाहीर केलं, मुख्य खलनायक गावातलाच घेणार, पोस्टरवर फोटो छापणार! माझी भूकच मेली. कोपर लय दाखवलं, आता एकदा तरी तोंड दिसायला हवं होतं.

हे डायरेक्टरसाहेब शिवाच्या सलूनात दाढीला बसले होते. शिवा माझा वर्गमित्र. चौथीला आम्ही दोघं एकदमच नापास. इतका मवाळ, की डाससुद्धा फुंकर मारून उठवतो. मी दारात उभा राहिलो, डोळे वटारले, मांडी थोपटली आणि गरजलो, "गाव जाळून टाकीन!"

साहेब हसून हसून खुर्चीत गदागदा हलायला लागले.

शिवानं वस्तरा त्यांच्या गळ्याला टेकवला नि हळूच म्हणाला, "हालू नका, साहेब."

साहेबांचा श्वाससुद्धा थांबला. मग ओठ न हलवता ते पुटपुटले, "सापडला! हाच माझा खलनायक!"

दुसऱ्या दिवशी मी तणतणत गेलो आणि त्याच खुर्चीत बसलो. "जल्मभर बोंबललो मी, आन् पोस्टरवर तू? तुझ्यात असं काय हाय रं, जे माझ्यात न्हाई?"

शिवानं साबण लावला, माझी हनुवटी वर केली, वस्तरा टेकवला.

"हं. आता बोल गड्या, काय म्हनत हुतास?"